परत न दिलेलं कासव

हे मी आजवर कोणाला सांगितलेलं नाही, बायकोलाही नाही. जुईनगरच्या आमच्या स्कूटर मेकॅनिकशी मी खोटं बोललो.

तो माझ्याच वयाचा, पन्नाशीचा, इथल्याच गावचा. हातात मावणाऱ्या व्हिडिओ गेमच्या मशीनवर तो चित्रविचित्र प्राणी पकडून वाढवायचा, आणि मीही. गेमला हात लावण्याआधी तो आधी रॉकेलने, मग साबणाने हात धुवायचा. त्याच्या गेममधली गोष्ट कधीच संपली होती. तरी न सापडलेल्या प्राण्यांची यादी त्याने जुन्या कॅलेंडरच्या पाठीवर लिहून गॅरेजात टांगली होती आणि तो एकेक नाव खोडत होता. "गोष्ट संपली म्हंजे खेल संपला नाय, सायेब. आता खरं काम हाय."

गेममधलं त्याचं पहिल्या दिवसापासूनचं कासव दुसऱ्याच्या गेममध्ये गेल्याशिवाय मोठं होणार नव्हतं. ते त्याने दोन्ही मशीन जोडून माझ्या गेममध्ये पाठवलं. "मोटं झालं की उद्या परत द्या." त्याच संध्याकाळी माझी गोष्ट संपली. मला वाटलं, झालं, खेळ संपला. मी गेम पहिल्यापासून सुरू केला आणि जुनं सगळं पुसलं गेलं, त्याच्या कासवासकट.

त्याला म्हणालो, मशीन बिघडलं.

"आना ना, खोलून बगतो."

"भाच्याला देऊन टाकलं."

"आसू द्या. दुसरं वाडवू," तो म्हणाला आणि यादीच्या तळाशी त्याने कासव लिहिलं.

तेव्हापासून मी तसंच एक कासव रोज थोडं थोडं वाढवतोय. या रविवारी ते घेऊन जाणार आहे, आणि ते त्याचं नव्हे हेही सांगणार आहे. मी त्याला एक कासव आणि एक कबुली देणं लागतो.