आधीचा भात

दिनूमामा गेल्याचं मला सुनीलने कळवलं. सुनील श्रीलंकेचा. दुबईत मामाच्या खोलीत, त्याच्याच बंकच्या वरच्या पलंगावर झोपणारा. पुण्यातल्या छापखान्यात मी सकाळची पहिली प्रुफं तपासत होते तेव्हा त्याचा फोन आला. "दीदी," तो म्हणाला, "अंकल आज बस के लिए उठा नहीं." मला वाटलं, तक्रार करतोय. मी म्हणाले, "तो उठाओ ना." तो म्हणाला, "उठाया दीदी. बहुत उठाया."

याला आता सात आठवडे झाले. मामा चोपन्न वर्षांचा होता. रास अल खोरच्या एका गोदामात फोर्कलिफ्ट चालवायचा आणि दुबई इन्व्हेस्टमेंट्स पार्कमधल्या कामगारांच्या वसाहतीत, सहा जणांच्या खोलीत राहायचा. तिथे सगळे त्या वसाहतीला कॅम्प म्हणतात. मामी लग्नानंतर चार वर्षांत आजारपणात गेली, मूल नव्हतं. त्यानंतर तो तिकडे गेला आणि बावीस वर्षं तिथलाच होऊन राहिला. दोन वर्षांतून एकदा यायचा. आला की माझ्या आईच्या, म्हणजे त्याच्या थोरल्या बहिणीच्या स्वयंपाकघरात पाटावर बसून राहायचा. तिच्या कामात अडचण व्हायची. ती म्हणायची, "दिन्या, बाहेर बस की." तो म्हणायचा, "बाहेर काय, बाहेर मी वर्षभर बसतोच."

मी वाढले ती पुस्तिकांच्या ढिगात. माझे वडील जयंतीच्या मंडपाबाहेर चळवळीच्या पुस्तिका विकायचे. सोळा पानी, बत्तीस पानी, स्वस्त कागदाच्या. त्यांना पिना मारणं हे माझं आयुष्यातलं पहिलं काम. मी वाचायला शिकले ती त्यांवरच, त्यामुळे घोषणा मला गोष्टींच्या आधी पाठ झाल्या. आणि घरात आजी होती, आईची आई. ती लहान असताना तिच्या बापाची गावकीची येसकरपाळी असायची. दिवसभर गावाची कामं करायची आणि संध्याकाळी घरोघर जाऊन, उंबऱ्याच्या खाली उभं राहून भाकर मागायची. आजी फडकं धरून बापाच्या मागे असायची. गावाचं जेवण उरकल्यावर जे उरेल ते फडक्यात पडायचं, वरून. दीक्षेनंतर तिच्या बापाने येसकराची काठी फेकली आणि पाळी सोडली. आजीने शेवटपर्यंत एक नियम पाळला आणि आम्हा सगळ्यांना पाळायला लावला. उष्टं खायचं नाही. कुणाचंच नाही. ताटात उरलेली चटणीसुद्धा आम्ही बहिणी एकमेकींची खात नाही.

दोन वर्षांपूर्वी मी व्हिजिट व्हिसावर महिनाभर तिकडे गेले, ते मराठी कामगारांवर लेखमाला लिहायची म्हणून. शारजात रोल्लाला मैत्रिणीकडे उतरले होते. मामाचा फोन आला, "लेखिकाबाई, रविवारी पहाटे ये. माझं ऑफ आहे. तुला एक दाखवतो." काय ते सांगेना. "चालायला लागेल, पण बूट घालू नको," एवढंच. मी टॅक्सीने पोचले तेव्हा उजाडत होतं. गेटवर पासपोर्ट दाखवून आत गेले. एरवी त्या कॅम्पात बायकांना सोडत नाहीत, पण त्या रविवारी पांढऱ्या कपड्यांतल्या चार-पाच श्रीलंकन बायका डबे घेऊन आत चालल्या होत्या. मामा पांढरा शर्ट घालून जिन्याशी उभा होता. अनवाणी. बाजूला तीन भन्ते, चिवरात, छातीशी पात्र धरून, नजर खाली.

भिक्षेची फेरी होती ती. तिथल्या कायद्यात रस्त्यावर भीक मागणं गुन्हा आहे, म्हणून फेरी रस्त्यावर येत नाही. महिन्यातल्या एका रविवारी, कॅम्प बॉसच्या परवानगीने, सी ब्लॉकच्या तीन मजल्यांवर आतल्या आत फिरते. लांबच लांब कॉरिडॉर, दोन्हीकडे खोल्या, दारांबाहेर सेफ्टी बूट, दोरीवर वाळत घातलेले निळे डगले. दाराशी माणसं वाट बघत उभी होती. श्रीलंकेची, नेपाळची, आपली चारदोन. कुणी भात, कुणी डाळ, कुणी नुसती केळी घेऊन. भन्ते थांबत, पात्राचं झाकण काढत, दारातला माणूस वाकून वाढे, भन्ते पुढे जात. कुणी कुणाशी बोलत नव्हतं. मामाचं काम मागे चालण्याचं होतं. पात्र भरलं की तो ते मोठ्या स्टीलच्या डब्यात रिकामं करायचा आणि डबा उचलून पुन्हा मागे. मी त्याच्या मागे. मी शहरात वाढलेली, दर दारात "थँक यू" म्हणत होते. तिसऱ्या दाराला मामा न वळता पुटपुटला, "आपण नाही म्हणायचं. थँक यू देणारे म्हणतात, मनात." मला ते विचित्र वाटलं. खरं सांगायचं तर मला रागच आला. डब्याचं ओझं घेऊन, खाली मान घालून, दारोदार जाणारी माझ्या मामाची पाठ मला दिसत होती आणि माझ्या डोळ्यांपुढे फडकं धरलेली आजी होती.

फेरी संपल्यावर सगळे खालच्या मेसमध्ये जमले. आधी भन्ते जेवले. मग उरलेलं सगळ्यांना वाढलं. पन्नासेक माणसं जमिनीवर ओळीने बसली, कोण कुठल्या देशाचा ते कळेना. मामाच्या एका बाजूला सुनील, दुसऱ्या बाजूला एक नेपाळी म्हातारा, तिघंही हसत होते. मामाला इतकं हसताना मी आईच्या स्वयंपाकघरातसुद्धा पाहिलं नव्हतं. त्याने माझ्यासाठी जागा धरली होती. समोर ताट मांडलेलं होतं.

मी बसले नाही. उभ्यानेच म्हणाले, "मी उष्टं खात नाही, मामा."

"उष्टं नाही गं हे."

"भन्तेंनी जेवून उरलेलं. दारोदार मागून आणलेलं. आजीच्या बापाने जे सोडलं, त्यावर आपण सगळे उभे आहोत. आणि तू इथे येऊन, सुटीच्या दिवशी, हौसेने पाळी करतोस?"

मराठी कळणारी दोघंतिघं तिथे होती, त्यांनी माना खाली घातल्या. मामाने घास ताटातच ठेवला. "अगं, ऐक तरी. आजीच्या फडक्यात पडायचं ते सगळ्यांचं जेवून झाल्यावरचं. आणि हे..."

"हे काय?" मी म्हणाले. आणि उत्तराची वाट न बघता गेटकडे निघाले. तो अनवाणीच मागून आला. टॅक्सी येईपर्यंत उन्हात उभा राहिला, पाय भाजत असणार. दार लावताना फक्त म्हणाला, "काहीतरी खाऊन घे गं. रोल्लाला जाईस्तोवर दुपार होईल."

परत आल्यावर मी लेखमाला लिहिली नाही. एकच लेख लिहिला, एका छोट्या मासिकात. येसकरपाळी आणि भिक्षापात्र, असा सामना लावला होता. ज्या समाजाने मागणं नाकारून माणूसपण मिळवलं, त्याने मागण्याला पवित्र म्हणू नये, असं त्यात होतं. आखातात राबणारा, स्वतःच्या घामाचं खाणारा एक माणूस महिन्यातून एकदा स्वतःहून आपल्या आजोबाची काठी उचलतो, असंही होतं. नाव दिलं नव्हतं. गरजही नव्हती. वडिलांनी त्या लेखाच्या प्रती काढून वाटल्या. मामाला मी स्वतः मोबाइलवर पाठवला, कारण पाठीमागे बोलणं मला पटत नाही... तेव्हा मी त्याला प्रामाणिकपणा म्हणत होते. त्याचं उत्तर दुसऱ्या दिवशी आलं. "वाचला. मराठी फार चांगलं आहे. आईला दाखव."

पुढे कधीतरी फोनवर मी विचारलं, "अजून जातोस का फेरीला?" तो म्हणाला, "नाही आता. पाळी सोडली." माझाच शब्द त्याने मला परत दिला, त्यात टोमणा नव्हता. मी म्हणाले, "बरं केलंस." मला जिंकल्यासारखं वाटलं होतं. हे मी लिहून ठेवते, कारण इतरांच्या चुका मी आजवर नावानिशी लिहीत आले आहे.

तो गेला, पेटी गावी आली, अग्नी दिला. त्याचं सामान कुणाबरोबर तरी आलंच असतं. पण मला एक गोष्ट विचारायची होती आणि ती फोनवर विचारायचं धाडस नव्हतं. माझ्यामुळे त्याचा तो एक रविवार गेला का? मी पुन्हा व्हिसा काढला. सुनीलने सांगितलं तोच रविवार धरून गेले.

सुनील गेटवर न्यायला आला होता. जिना चढता चढता मी विचारलं. तो सरळ माणूस आहे, त्याने सरळ सांगितलं. "दो साल से लाइन में नहीं आया, दीदी. दरवाज़े पे खड़ा रहता था."

"मतलब?"

"देने के लिए." मामा पहाटे उठून, मजल्यावरच्या सामाईक किचनमध्ये नंबर लावून भात करायचा. कुणी त्याच्या आधी पातेल्याला हात लावलेला त्याला चालायचा नाही. "बोलता था, पहला निकालो, बाद में सब खाओ. एक दिन मैंने थोड़ा टेस्ट किया, तो पूरा फिर से बनाया. मैं बोला, अंकल पागल है क्या. बोला, बचा हुआ नहीं देना है, ये पहले का है."

मी जिन्यातच थांबले. मेसमध्ये मी तोडलेलं वाक्य त्याने असं पुरं केलं होतं. आजीच्या फडक्यात पडायचं ते सगळ्यांच्या नंतरचं. हे सगळ्यांच्या आधीचं... त्या घरात अजून कुणीच न जेवलेल्या सकाळचं.

"और खाना?" मी विचारलं. "नीचे मेस में, सब के साथ?"

सुनीलने बोटांनी कठडा खरवडला. "नीचे नहीं आता था. बोलता था, भांजी को पसंद नहीं. इधर ही खाता था, अकेला. दरवाज़ा खुला रखके."

मी पुस्तिकांवर वाढले आणि त्यातला शब्दही मी मागे घेणार नाही. मागायला लावणाऱ्या गावाबद्दल मी जे लिहिलं ते पुन्हा लिहीन. पण ते लिहिताना समोर गाव नव्हतं. समोर होता वीस वर्षं एकटा जेवणारा एक माणूस, ज्याची महिन्यातून एकदा पन्नास लोकांत पंगत होती. मी तेवढी पंगत मोडली. तोही वाद घालू शकला असता, माझ्याइतकंच त्याचंही शिक्षण पुस्तिकांवर झालं होतं. त्याने वाद घातला नाही. माझं म्हणणं खरं धरून चालला, मागणाऱ्यांच्या रांगेतून निघून देणाऱ्यांच्या दारात जाऊन उभा राहिला, आणि त्याची किंमत एकट्याने जेवून भरली.

खोलीत त्याचं काही उरलं नव्हतं. त्याच्या बंकवर बिहारचा एक नवा माणूस झोपला होता, दिवसपाळी-रातपाळी करून आलेला. सामान एका गोणीत बांधून ठेवलेलं. दोन शर्ट, चष्मा, माझ्या लेखाची प्रिंट, घडीवर घडी पडून मऊ झालेली. दाराच्या आतल्या बाजूला खिळ्याला स्टीलची पळी टांगलेली होती. सुनील म्हणाला, ही पण अंकलचीच. भात या वेळी सुनीलने करून ठेवला होता, पातेल्यावर झाकण, न हात लावलेला. तो बाजूला झाला.

कॉरिडॉरच्या टोकाला चिवरं दिसली. मी चपला काढल्या, पळी घेतली, मामाच्या दारात उभी राहिले. भन्ते थांबले. झाकण निघालं. मी वाकून भात वाढला, थोडी शितं काठावर पडली. त्यांनी वर पाहिलं नाही. मागे डबा धरून एक नेपाळी पोरगेला गडी होता, मामाच्या जागी. माझ्याच तोंडून "थँक यू" निघालं. ते सगळे पुढे गेले, जिना उतरून गेले, अनवाणी पायांचा आवाज थांबला, आणि मी रिकाम्या कॉरिडॉरमध्ये उघड्या दारात उभी राहिले. मामाला दोन वर्षं इथून पुढचं काय दिसत होतं ते मला दिसलं. काहीच नाही. दोरीवरचे डगले.

थोड्या वेळाने सुनील जिन्यातून ओरडला, "दीदी, नीचे. यल्ला, खाना ठंडा हो रहा है."

मी खाली गेले. ओळीत शेवटी जागा होती, बसले. भन्तेंचं जेवण झालं होतं, उरलेलं वाढत होते. माझ्या ताटात डाळ पडली, कुणाच्या तरी खोलीतली भेंडी पडली आणि भात पडला, माझाच असेल किंवा दुसऱ्या कुणाचा, डब्यात सगळा एक झालेला. मी जेवले. ताट पुसून जेवले. शेजारची जागा रिकामी होती, तिथे कुणी बसलं नाही, मीही कुणाला बस म्हणाले नाही.

निघताना गोणी घेतली. आईला शर्ट दिले, चष्मा दिला, लेखाची प्रिंट माझ्याकडे आहे. पळी आणली नाही. जाण्याआधी धुऊन त्याच खिळ्याला लावून आले. महिन्यातून एकदा, रविवारी, त्या दारात ती लागते.