लेकीच्या वाडग्यातलं पाणी

तांग योंगबीच्या बरणीवर फूल आलं, हे तिनं स्वतःच्या नवऱ्यालाही सांगितलं नाही. फूल म्हणजे लोणच्याच्या खाऱ्या पाण्यावर धरणारी पांढरी साय. ती दिसली की समजायचं, बरणीत परका हात गेला. तुओ नदीकाठच्या बायकांचं हे ठाम मत होतं: एका बरणीला एकच हात मानवतो, दुसरा लागला की पाणी रुसतं.

पाणी काही साधंसुधं नव्हतं. योंगबीच्या आईनं ते लग्नात वाडगाभर दिलेलं, आईला तिच्या आईनं. मुळे, मिरच्या, आलं, शेंगा त्यात पडत आणि निघत राहिल्या; पाणी तेच. आता अठरा दिवसांवर लेकीचं, चिउयानचं लग्न आलं होतं आणि तिच्यासोबत त्यातलंच वाडगाभर जायचं होतं, म्हणून लग्न ठरल्यापासून योंगबी दिवसातून दोन-तीनदा झाकण काढून ते बघत होती. नासकं पाणी पाहून चिउयानची सासू काय म्हणेल, हे योंगबीला नेमकं ठाऊक होतं. कारण तिच्या जागी आपण काय म्हटलं असतं तेही तिला ठाऊक होतं.

संशयाला दोन घरं होती. एक, सून लान्छिन. ती दूर दक्षिणेतल्या ग्वांगडाँगकडची, मिरचीला नाक मुरडणारी, जेवणाआधीच सूप पिणारी. जी बाई सूपच आधी पिते, तिच्या हाताचा काय भरवसा? दुसरी, शेजारची खांगकाकू. वीस वर्षांत तिनं तीनदा हे पाणी मागितलं होतं आणि तिन्ही वेळा योंगबीनं काहीतरी निमित्त काढून तिला वाटेला लावलं होतं.

मग पहारा सुरू झाला. झाकणावर आपला एक पांढरा केस आडवा ठेवायचा, बरणीच्या काठच्या पन्हळीतलं, वारा अडवणारं पाणी कुठवर आहे तिथे नखानं खूण करायची, आणि दर घटकाभरानं झाकण काढून आतले मुळे तेवढेच आहेत ना ते बघायचं. फुलावर उतारा म्हणून तिनं टोपणभर दारूही ओतली. ते गेलं, आणि तिसऱ्या दिवशी जाडजूड होऊन परत आलं.

एकदा जेवताना ती नवऱ्याला म्हणाली, पण सुनेला ऐकू जाईल अशी, की काहींच्या हातात मीठसुद्धा कुजतं. नवऱ्यानं भाताच्या वाडग्यात तोंड खुपसलं.

"आई, मी इतक्यात हात लावलेला नाही," लान्छिन म्हणाली. "पण काल झाकण नऊ वेळा वाजलं. आत सारखा वारा शिरला तर बरणी तरी काय करणार?"

"नऊ वेळा मोजलंस, म्हणजे लक्ष होतंच तुझं बरणीवर."

लग्नाला सहा दिवस उरले आणि पाण्याला तार सुटली. योंगबीनं वास घेतला आणि झाकण लावून टाकलं. आता कुणाला पकडलं तरी पाणी परत येणार नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी खांगकाकू दारात पेज खात बसली होती. रीतीप्रमाणे तिनं लोणच्यातल्या मुळ्याची फोड पुढे केली. रीतीप्रमाणे नको म्हणायचं सोडून योंगबीनं ती नावं ठेवायला तोंडात टाकली. मुळा करकरला आणि ती चावायचीच थांबली. ही तिच्या आईची चव होती.

"हे पाणी कुठून आणलंस?"

"तुझ्या सुनेनं दिलं. वसंतातल्या सणाला," खांगकाकू पेज ढवळत म्हणाली. "धुतलेल्या कोरड्या पळीनं, वाडगाभर. मी मागितलं, तिनं दिलं. तिला कुठे ठाऊक, की तुमच्याकडे मागायची पद्धत आहे, द्यायची नाही?"

म्हणजे संशय खरा होता आणि त्याचा उपयोग शून्य होता. सणाला गेलेलं पाणी सहा महिने ठणठणीत होतं. फूल आता आलं, आणि झाकण आता कोण उघडत होतं हे योंगबीला कुणी सांगायची गरज नव्हती. ती उंबऱ्याशी उभी राहिली. चिडायचं होतं, पण चिडून वाडगा मिळत नाही.

"चिउयानसाठी वाडगाभर हवं होतं," ती म्हणाली.

"काय म्हणालीस? जरा मोठ्यानं."

"खांगकाकू, वाडगाभर पाणी द्या."

खांगकाकूनं तिसऱ्यांदा मागायला लावलं नाही. मन मोठं केलं आणि दोनदाच ऐकून घेतलं. मग कोरडी पळी आणून वाडगा काठोकाठ भरून दिला.

योंगबी तो दोन्ही हातांनी धरून घराकडे निघाली. निम्म्या पायऱ्यांवर थांबली. इकडेतिकडे पाहून तिनं वास घेतला, मग करंगळी बुडवून चाखलं. चव तर तीच. पण म्हातारीनं वरचं पातळ पाणी देऊन तळाचं मुरलेलं स्वतःला तर ठेवलं नसेल?