थोरलीची सही

ती घटना विसरता आली असती तर मी कधीच विसरलो असतो.

निवृत्त माणूस वर्तमानपत्र जाहिरातींसकट वाचतो. मागच्या महिन्यात अमेरिकेतल्या मॉर्मन पंथावर एक लेख वाचनात आला. या पंथात एके काळी एका पुरुषाने अनेक बायका करणं हा धर्माचाच भाग होता. मूळ चर्चने ते शंभराहून अधिक वर्षांपूर्वी बंद केलं. आज कुणी तसं केलं तर त्याला ते बाहेर काढतात. पण काही फुटीर गट अजूनही तसेच राहतात. सरकारदरबारी बायको एकच, बाकीच्या फक्त देवापुढच्या. इथवर मी चहा पीत वाचत होतो. पुढे लिहिलं होतं, की जुन्या काळी नव्या नवरीचा हात नवऱ्याच्या हातात पहिली बायको स्वतः देत असे. मी चष्मा काढून ठेवला. हे मी सुरतेत, नवागामच्या एका खोलीत, भर दुपारी पाहिलं होतं.

मी धुळ्याकडचा. वडील उधन्याला मिलमध्ये होते, त्यामुळे माझं शिक्षण आणि पोलिसातली नोकरी दोन्ही गुजरातेत. मराठी माणसाची अर्जी आली की वरिष्ठ ती माझ्या टेबलावर सरकवायचे, "तमारा गामवाळा छे, तमे ज जुओ," म्हणजे तुमच्या गावचे आहेत, तुम्हीच बघा. मीही खुशीने घ्यायचो. आपल्या माणसांना आपण ओळखतो, हा माझा जुना गैरसमज.

एका मंगळवारी सकाळची हजेरी आटोपत असताना हवालदाराने तक्रारपेटीतून एक चिठ्ठी आणून दिली. साडीच्या खोक्यावर चिकटवतात त्या लेबलच्या मागच्या बाजूला मराठीत चार ओळी होत्या. 'मास्तरच्या घरी रविवारी दुपारी पोरीचा करार आहे. पोरीला अठरा पूर्ण नाही. दाखला थोरलीच्या गादीखाली आहे. पोलिसांनी यावे.' खाली नाव नव्हतं. कागदाला डिंक आणि दोन-तीन चमचमत्या टिकल्या चिकटलेल्या होत्या. मी स्टेशन डायरीत 'निनावी चिठ्ठी' अशी नोंद केली.

करार म्हणजे मैत्रीकरार. गुजरातबाहेरच्या वाचकाला हे सांगावं लागेल. लग्न झालेल्या पुरुषाला दुसरी बाई ठेवायची असली की स्टॅम्पपेपरवर लिहून घ्यायचं, आम्ही दोघे मित्र, राजीखुशीने एकत्र राहणार. खाली नोटरीचा शिक्का. कोर्ट या कागदाला किंमत देत नाही, पण बाईला आणि तिच्या आईबापाला शिक्का दिसतो. त्यांना तो लग्नासारखाच वाटतो.

चौकशी केली तेव्हा कळलं, हा मास्तर म्हणजे लूमच्या कारखान्यातला देखरेख करणारा माणूस. दर गुरुवारी घरी भजन, आपल्याकडच्या वीस-पंचवीस कुटुंबांचा गोतावळा, आणि शिकवण अशी की खरं कुटुंब आत्म्याचं असतं, कायद्याचं नव्हे. आत्म्याच्या नावाखाली त्याने कतारगामची एक बाई कराराने घरात आणली होती. लग्नाची बायको ती थोरली, ही धाकटी. आता तिसरीची तयारी होती. ती थोरलीच्या सख्ख्या भावाची मुलगी, दहावीनंतर कामाला हातभार म्हणून गावाहून आणलेली.

रविवारी मी महिला कॉन्स्टेबल आणि दोन पंच घेऊन गेलो. मंडप नाही, भटजी नाही, अक्षता नाहीत. पाटावर नारळ, शेजारी स्टॅम्पपेपर, भिंतीला टेकून बसलेल्या बाया. मधोमध चाळिशीची थोरली उभी होती. तिने त्या पोरीचा हात मनगटापाशी धरला होता आणि मास्तरने आपला हात पुढे केला होता. आम्हाला पाहून थोरलीने पोरीचा हात सोडला नाही, उलट घट्ट धरला. तेव्हा मला वाटलं, ही बाईच सगळ्यात निगरगट्ट आहे.

गादीखाली शाळेचा दाखला मिळाला. पोरीला अठरा पूर्ण व्हायला चार महिने कमी होते. पंचनामा करून सगळ्यांना ठाण्यावर आणलं.

मास्तर पांढराशुभ्र शर्ट घालून, फाईल मांडीवर ठेवून बसला. आवाज चढवला नाही, घामही आला नाही. असा माणूस समोर बसला की समजावं, याने वकिलाला आधीच विचारलंय.

"साहेब, बधुं कायदेसर छे," तो म्हणाला, आणि मग मराठीवर आला. "सगळं कायदेशीर आहे. लग्न कुठं लागलं? सप्तपदी झाली? कागदावर तरी सही झाली? पोर तिच्या आत्याकडं राहते, तिच्या बापाची ना नाही. आणि धाकटीच्या करारावर साक्षीदार म्हणून माझ्या बायकोचीच सही आहे. हे बघा."

तो खरं बोलत होता, हेच दुखणं होतं. दुसऱ्या लग्नाचा गुन्हा आम्हाला थेट दाखल करता येत नव्हता. बायकोने कोर्टात जायचं, आणि तिथे दुसरं लग्न विधीपूर्वक लागलं हे सिद्ध करायचं. याने विधीच ठेवला नव्हता. पोर अल्पवयीन होती, तेवढा एक धागा माझ्या हातात होता. पण तिला तिथे कशासाठी उभं केलं, हे आतल्या कुणीतरी जबाबात सांगायला हवं होतं.

पोरीला महिला कॉन्स्टेबलने विचारलं, तुला काय हवं? ती म्हणाली, "मला बारावीचा फॉर्म भरायचा आहे. आत्यानं आणून ठेवलाय." मी ते ऐकलं आणि सोडून दिलं. आत्याने फॉर्म का आणला असेल, हा प्रश्न तेव्हा मला पडला नाही.

मला पडला होता तो चिठ्ठीचा प्रश्न. त्या घरी बाया साड्यांवर टिकल्या चिकटवायचं काम करत, तीच लेबलं कोपऱ्यात पडलेली मी पाहिली होती. म्हणजे चिठ्ठी घरातलीच. मी फाईलमधला करार उघडला. धाकटीची सही गुजरातीत, थोरलीची मराठीत. अक्षराचं वळण जुळत होतं. मला मोठा आनंद झाला. साक्षीदार सापडला होता.

आमच्याकडे एक जुनी पद्धत आहे, दोघांना समोरासमोर बसवायचं. एक फुटला की दुसरा ढासळतो. मी थोरलीला नवऱ्यासमोर बसवलं, चिठ्ठी टेबलावर ठेवली, कोरा कागद दिला आणि म्हणालो, "बाई, याच चार ओळी इथे लिहा."

तिने लिहिल्या. अक्षर तेच होतं.

मास्तरने दोन्ही कागद पाहिले. "तू?" एवढंच विचारलं, आणि खुर्ची तिच्यापासून वीतभर लांब घेतली.

"मी नही लिखी," ती म्हणाली.

"खोटं बोलू नका!" मी टेबलावर हात आपटला. "अक्षर तुमचंच आहे. सांगा, काय चाललं होतं घरात!"

तिने माझ्याकडे पाहिलं. त्या नजरेत राग असता तर मी समजू शकलो असतो. ती पुन्हा म्हणाली, "मी नही लिखी." पुढे दोन तास ती तेच म्हणत राहिली.

जबाब मिळाला नाही. मास्तरवर प्रतिबंधक कारवाई झाली आणि तो दुसऱ्या दिवशी जामिनावर घरी गेला. पोरीला बाल कल्याण समितीपुढे नेलं. गावाहून आईबाप आले, अठरापर्यंत लग्न लावणार नाही असं लिहून दिलं आणि तिला घेऊन गेले. वरिष्ठांनी शाबासकी दिली. अक्षर कसं ओळखलं, हे मी चहाच्या टपरीवर निदान चार वेळा रंगवून सांगितलं असेल.

चार महिन्यांनी पोर अठराची झाली. आठवड्याच्या आत तिला पुन्हा सुरतेत आणलं आणि कतारगामच्या एका नोटरीकडे करार झाला. या वेळी हात धाकटीने दिला, सहीही धाकटीची. बारावीचा फॉर्म कुणी भरला नाही. मला कळलं तेव्हा करायला काही उरलं नव्हतं. सगळं कायदेसर होतं.

थोरलीला जामिनाच्याच दिवशी नेसत्या लुगड्यानिशी घराबाहेर काढलं होतं. भावानेही दार उघडलं नाही, कारण तिने घराण्याची अब्रू ठाण्यावर नेली होती.

माझ्या उभ्या नोकरीत मी एक नियम पाळला. गुजरातेत दारूबंदी, त्यामुळे खबऱ्यांशिवाय पोलिसाचं पान हलत नाही. अड्ड्याची खबर देणाऱ्याचं नाव मी बायकोलाही कधी सांगितलं नाही. भल्याभल्या साहेबांनी विचारलं, तरी नाही. ही बाई मात्र मला खबरी वाटलीच नाही. बायको वाटली. घरातल्या बाईच्या जिवाला बाहेरच्या खबऱ्याइतकाच धोका असतो, हे मला कुणी शिकवलं नव्हतं आणि मी स्वतःहून शिकलो नाही. कायदा लंगडा होता, हे खरंच. पण तिला मास्तरच्या हाती कायद्याने नाही, मी दिलं. तेही एक हात देणंच होतं.

दोन वर्षांनी उधन्यात एका गोदामातल्या चोरीच्या पंचनाम्याला गेलो. तिथे बाया साड्यांच्या घड्या घालत बसल्या होत्या. तिने मला आधी ओळखलं. मी अवघडून उभा राहिलो आणि माझ्या तोंडून नेमकं नको तेच निघालं, "बाई, तेव्हाच खरं सांगितलं असतंत, तर पोर वाचली असती."

ती घडी घालता घालता, खाली बघूनच बोलली, "साहेब, तुम्ही चिठ्ठी वाची. पन मी नाव काबर नही लिखं, ते तुम्ही वाचंच नही."

काबर म्हणजे का. मी धुळ्याचा, मला अर्थ कुणाला विचारावा लागला नाही. परत येऊन मी ती जुनी स्टेशन डायरी काढायला लावली. मंगळवारच्या पानावर माझ्याच अक्षरात नोंद होती, 'निनावी चिठ्ठी मिळाली.' तिने मागितलं होतं ते एवढंच, आणि ते मी रविवार सरेपर्यंतसुद्धा सांभाळलं नव्हतं.