अष्टमीस वेळ मंद होते

आमचे हे, म्हणजे दत्तात्रेय शेवडे, आळीचे आप्पा, जमिनीच्या कचेरीत चौतीस वर्षं कारकून होते. निरोप समारंभात साहेबांनी भाषणात यांचं आडनाव तीनदा 'शेंडे' घेतलं. यांनी दुरुस्त केलं नाही. हारही शेंड्यांच्याच नावाने गळ्यात घालून घरी आले. एक गोष्ट मात्र यांना येते, ती म्हणजे मोडी. कितीही गिचमिड जुना कागद द्या, हे पेपर वाचावा तसा वाचून दाखवतात.

त्या मोडीपायीच सगळा घोळ झाला. यांच्या आतेभावाने घर विकताना माळ्यावरची एक पोथी यांना दिली. पहिलं पान वाळवीने खाल्लेलं. दुसऱ्यावर नाव होतं 'वेळबंधन', आणि खाली, 'वेळ बांधिता येते. जो बांधील त्याचे पोट भरेल.' आप्पांनी चष्मा काढला, पुसला, परत लावला.

"हेमा," मला म्हणाले, "ही काळ थांबवण्याची विद्या आहे."

मी फणस चिरत होते. हात चिकाने भरलेले. म्हटलं, "थांबवा मग. आधी ते दूध थांबवा, उतू जातंय."

तीन महिने पोथी चालली. 'अष्टमीस वेळ मंद होते.' यांनी कॅलेंडरातल्या सगळ्या अष्टम्यांना लाल गोल केले आणि त्या दिवशी घड्याळ पुढ्यात घेऊन बसायला लागले. 'वेळ दिवसातून दोनदा येते, दोनदा जाते,' यावर अकरा पानं लिहिली. पोथीत जागोजागी चिखल आणि पेंढा तुडवायला सांगितला होता. चिखल म्हणजे अहंकार आणि पेंढा म्हणजे पोकळ विद्या, असं यांनी ठरवलं. पुढे आलं, 'कुर्ली घर करते तेथून वेळ शिरते.' कुर्ली म्हणजे खेकडा, खेकडा म्हणजे कर्क रास, आणि माझी रास कर्क. झालं! मला सोमवार लावले. तीन केले. चौथ्याला म्हटलं, तुमची वेळ शिरू दे कुठून शिरायची ती, मी भात खाणार.

मग आमच्या सलिलने, यांच्या भाच्याने, मामांचा व्हिडिओ काढून इंटरनेटवर टाकला. चाळीस हजार लोकांनी बघितला. गणपतीपुळ्याला आलेली माणसं वाट वाकडी करून आमच्याकडे यायला लागली. एका बाईने विचारलं, नवऱ्याची निवृत्ती दोन वर्षं पुढे ढकलता येईल का? आप्पा म्हणाले, अभ्यास चालू आहे. दूधवाला 'शेवडेसाहेब' म्हणायला लागला. आणि महिपतरावांनी, ते इथल्या व्याख्यानमालेचे अध्यक्ष, यांचं भाषण ठरवलं. रविवारी सकाळी अकरा वाजता, मुद्दाम अष्टमी बघून. आप्पांनी जन्मात पहिल्यांदा सदरा शिवून घेतला. खोटं कशाला बोलू, मीसुद्धा पैठणी उन्हात टाकली. चौतीस वर्षं मी शेंड्यांची बायको होते.

शुक्रवारी दुपारी चिमा आली. चिमा आरे-वारेच्या अलीकडच्या खाडीकाठची, वीस वर्षं आमच्याकडे पोहे घेऊन येते. त्या दिवशी पोह्यांची पिशवी ठेवली आणि ओट्यावर मटकन बसली. डोळे लाल.

"वयनी, बांध फुटला."

तिचं भाताचं शेत खाडीला लागून आहे. मधे मातीचा बांध, म्हणून खारं पाणी आत येत नाही. गेल्या उधाणाला तो हातभर फुटला. येत्या अमावास्येच्या उधाणाला सगळा जाणार. एकदा खारं पाणी शेतात बसलं की तीन पावसाळे भाताचं नाव नको. बांध घालायची रीत तिच्या सासऱ्याला ठाऊक होती, तो गेला. पुरुषमाणसं मुंबईला. बायकांनी दगड टाकून पाहिले, ते वाहून गेले.

आप्पांना वाईट वाटलं. धीर द्यायचा म्हणून यांनी पोथी काढली आणि वाचायला लागले, "'वेळ फुटोन आत आली असता घाबरू नये. अष्टमीस धरावी, दशमीस मिटवावी...'"

चिमाने डोळे पुसले. "आप्पानू, परत वाचा."

यांनी वाचलं.

"अवो, येळ म्हंजे भरती! आमचा सासरा भरतीला येळच म्हनायचा. अष्टमीला भांग अस्तो, उधानाच्या उलट, पानी मंद. ही बांधाची पोथी हाय!"

आप्पांनी पान उलटलं. मग दुसरं. चिखल म्हणजे चिखल निघाला. पेंढा म्हणजे पेंढा. कुर्ली बांधात बीळ करते आणि पाणी तिथूनच शिरतं, हे चिमाच्या नातवालाही माहीत होतं.

"रयवारी अष्टमी," चिमा म्हणाली. "पावनेबाराला पानी पार खाली. येऊन वाचून दावाल?"

मी यांना आत ओढलं. "आत्ता रेकॉर्ड करून द्या तिला मोबाइलवर. तिचा बांध होईल, तुमचं भाषणही होईल. मोडी कळते कुणाला?"

"मला कळतं," आप्पा म्हणाले. "कागदावर आहे तेच वाचायचं, हेमा. तेवढंच तर येतं मला."

मग महिपतरावांना फोन. पोथी बांधाची आहे, माझी वाचण्यात चूक झाली. पलीकडून महिपतराव एवढ्यांदा ओरडले की मला पडवीत ऐकू आलं, "अहो, मग रूपक म्हणून बोला!"

"रूपक नाही," आप्पा म्हणाले. "चिखलच आहे."

फोन ठेवला आणि नवा सदरा घडी घालून कपाटात ठेवायला गेले. चार वेळा घडी मोडली. मला भडभडून आलं. रागही होताच.

रविवारी सव्वीस बायका, तीन म्हातारे आणि आम्ही दोघं खाडीत. आप्पा धोतर खोचून बांधावर उभे राहून वाचत होते, 'पेंढा आडवा, चिखल उभा, वर बाईमाणसाने नाचावे.' बायका हसून हसून नाचल्या. कुर्ल्यांची बिळं बुजवायचं काम माझ्याकडे होतं. एकीने माझा अंगठा धरला. तेव्हा मी पोथीला, पोथी लिहिणाऱ्याला आणि वाचणाऱ्याला, तिघांनाही नावं ठेवली. मंगळवारी, दशमीला, फट मिटली.

पेपरात आलं, 'श्री. शेवडे यांची प्रकृती अचानक बिघडल्याने व्याख्यान रद्द.' आप्पांनी पत्र पाठवलं, 'माझी प्रकृती उत्तम आहे. वेळ या शब्दाचा मी चुकीचा अर्थ लावला होता.' पेपरवाल्यांनी ते छापलंही, खाली कोपऱ्यात. दूधवाला परत 'आप्पा' म्हणायला लागला. गणपतीपुळ्याची माणसं यायची बंद झाली.

अमावास्येला आम्ही बघायला गेलो. उधाण आलं, बांधाला लागलं, माथ्याच्या वीतभर खाली राहिलं आणि उतरलं. चिमा यांच्या पाया पडायला वाकली. हे मागे सरले आणि चिखलात बसले.

परत येताना रिक्षात मला राहवेना. म्हटलं, "त्या दिवशी मी तुम्हाला खोटं बोलायला सांगत होते."

"हो," हे म्हणाले.

नुसतं 'हो'. दुसरा कोणी असता तर म्हणाला असता, छे गं, तसं कुठे. मला इतकं रडू आलं की रिक्षावाल्याने रिक्षा बाजूला घेतली.