आलात?

माझा धाकटा भाऊ काळदगडाच्या खाणीत कामाला आहे. त्या दगडाजवळ काळ धावत सुटतो. वर आपली एक दुपार सरते, तेवढ्यात खाली माणसाचे कित्येक दिवस निघून जातात. हजेरी मात्र वरच्या घड्याळानं लागते. आग लागो त्या घड्याळाला!

सकाळी गुळगुळीत दाढी करून गेलेला भाऊ संध्याकाळी दाढी वाढवून घरी येतो. बूट काढायचंही त्राण त्याच्यात उरत नाही. केस पिकले, पाठ वाकली. परवा दुकानदारानं मला विचारलं, "वडिलांना बरं नाही का?"

"धाकटा आहे तो माझा!" मी खेकसले. "डोळे तपासून घ्या."

काल तो दारात खोकला. आईला हल्ली अंधुक दिसतं. ती लगबगीनं उठली आणि म्हणाली, "आलात? हात धुऊन घ्या, वाढते."

बाबांना जाऊन वर्षं झाली. मी चिडून म्हटलं, "अगं आई, हा तर..."

"राहू दे, ताई," तो पुटपुटला.

हात धुऊन तो बाबांच्या खुर्चीत टेकला. मग आईकडे बघून हळूच म्हणाला, "आज उशीरच झाला. तू जेवलीस का गं?"