मालिकेतली सून आणि आमची अक्का

आमच्या सेलूच्या घरात दिवेलागणीनंतर एक मालिका लागते. आई ती कित्येक वर्षं बघतेय. मी शाळेत मराठी शिकवते, त्यामुळे गोष्ट कशी रचलीय हे बघायचं नाही म्हटलं तरी दिसतं. सुनेवर आळ येतो, ती गप्प राहते, घराबाहेर काढली जाते. मग छळणाऱ्यांपैकीच कुणीतरी आजारी पडतं, ती सेवा करते, आळ खोटा ठरतो आणि त्यांच्याच पाया पडून ती उंबरा ओलांडते. आठ दिवसांनी नवा आळ. नवऱ्यानं हात उचलला की सगळ्यांचे चेहरे जवळून दाखवतात, ढोल बडवतात. सुनेच्या गालावर मात्र साधा वळ नसतो. मला त्याची शिसारी येते.

गेल्या उन्हाळ्यात अक्का, माझी थोरली बहीण, ताडकळसहून एकटीच एसटीनं आली. हातात एक पिशवी. भाजीत मीठ जास्त पडलं म्हणून भावजींनी पाहुण्यांसमोर तिच्या कानाखाली मारली होती. सांगतानाही तिचा आवाज चढला नाही. आईनं तिला जवळ घेतलं, जेवायला वाढलं आणि टीव्ही लावला.

त्या दिवशी मालिकेतली सून दवाखान्यात नवऱ्याच्या उशाशी होती. यानंच तिला जिन्यावरून ढकललं होतं. आता त्यानं डोळे उघडून माफी मागितली आणि तिनं त्याच्या पायांवर डोकं ठेवलं. आईनं पदरानं डोळे पुसले.

"बघ बाई," ती अक्काला म्हणाली, "किती सोसलं तिनं. शेवटी आला का न्हाई वळणावर?"

अक्का समोर बघत जेवत होती.

"ऐकायलीस का?" आईनं तिच्या दंडाला हात लावला.

अक्का वळली. "या बाजूनं न्हाई ऐकू येत मला. त्यानं मारल्यापासून."

आईनं टीव्ही बंद केला नाही, आवाज तेवढा कमी केला. सकाळी आम्ही अक्काला परभणीला कानाच्या डॉक्टरकडे नेलं. डाव्या कानाचा पडदा फाटला होता.

पुढच्या आठवड्यात भावजी आणि त्यांचे वडील न्यायला आले. "भांड्याला भांडं लागतंच, विहीणबाई," म्हातारे म्हणाले. भावजींनी मान खाली घालून, पडद्यावरच्या नवऱ्याच्याच सुरात, "चुकलं माझं," म्हटलं. मला वाटलं, आता आई रडणार आणि अक्काची पिशवी भरणार.

आई अक्काच्या चांगल्या कानाशी जाऊन बसली. "तुला जायचंय का?"

"न्हाई."

"मग आमी न्हाई पाठवत," आई म्हणाली आणि चहा टाकायला उठली.

एवढं झाल्यावर ती मालिका तरी सुटेल असं मला वाटलं होतं. सुटली नाही. पुढं मालिकेतल्या त्या दोघांचं पुन्हा थाटात लग्न लागलं, आठवडाभर मेंदी आणि हळद चालली. गल्लीतल्या बायका आमच्याकडं बसून बघत होत्या. एकजण अक्काच्या देखत म्हणाली, "लय नशिबाची सून." आईनं मान डोलावली. मी उठून अंगणात गेले. अक्का पोलक्याला हूक लावत तिथंच बसून राहिली.

ती आता घरीच शिवणकाम करते. मापं द्यायला बायका आल्या की त्यांना आपल्या उजव्या हाताला बसवते.