सेन्सरवरचा लाल ठिपका

मागच्या रविवारी दुपारी नातीने जेवणाच्या टेबलावर नखं रंगवायला घेतली. आधीचा रंग काढायचा म्हणून तिने एका बाटलीतलं पाण्यासारखं काहीतरी कापसावर घेतलं आणि नखावरून एकदाच फिरवलं. आठवडाभर मिरवलेला लालभडक रंग एका पुसण्यात नाहीसा झाला. मी शेजारीच पेपर वाचत बसलो होतो. त्या बाटलीचा वास माझ्यापर्यंत आला, गोडसर, उग्र, नाकाच्या मुळाशी जाऊन बसणारा, आणि पेपर माझ्या हातातच राहिला. हा वास माझ्या ओळखीचा होता. बऱ्याच वर्षांपूर्वी वर्तमानपत्रात गुंडाळलेल्या एका पुडीतून तो आला होता, आणि त्या पुडीपायी मी एका भल्या माणसाला चोर ठरवून मोकळा झालो होतो. मी नातीकडे बाटली मागितली. "आजोबा, तुम्हाला कशाला?" असं तिने विचारलं. उत्तर द्यायला मला आठवडा लागला, आणि ते तिला न देता इथे देतो आहे.

संशय हा माझा पोटापाण्याचा धंदा. खडकीच्या एका कारखान्यात मी उभी हयात तपासणी खात्यात काढली. दुसऱ्याने केलेलं काम बरोबर असेल यावर विश्वास न ठेवण्याचा मला पगार मिळत असे, आणि तो मी प्रामाणिकपणे घेतला. तपासून झालेल्या प्रत्येक बोल्टवर आम्ही रंगाचा एक ठिपका द्यायचो. ठिपका आहे म्हणजे माल नजरेखालून गेलेला आहे. ठिपका नाही म्हणजे तो उचलायचा आणि बाजूला ठेवायचा. इतकी साधी, स्वच्छ दुनिया होती ती. संध्याकाळी सायकल घराकडे वळली की माणसाने ही दुनिया फाटकाशी ठेवून यायला हवी, पण मला ते कधी जमलं नाही. इस्त्रीवाल्याकडून आलेले कपडे मी मोजून घेत असे आणि मग उलगडून पुन्हा मोजत असे. बायको एकदा शांतपणे म्हणाली, "अहो, देवघरातल्या समईलाही एक ठिपका लावून ठेवा. देवांचा काय भरवसा?" तिचं बोलणं मला झोंबलं खरं, पण समईकडे दोन दिवस माझं लक्ष होतं, हेही कबूल करतो.

माझ्या पिढीला दोष देताना एक गोष्ट लक्षात घ्यावी. आम्ही स्कूटरसाठी नंबर लावून वर्षानुवर्षं थांबलेली माणसं. मिळायला कठीण तेच खरं, अशी आमची ठाम समजूत. आणि मग बघता बघता दिवस असे पालटले की गाड्याच दारात येऊन उभ्या राहायला लागल्या. टाय लावलेली पोरं फोन करून "सर, एकदा चालवून तर बघा" म्हणायला लागली. जिथे ज्वारी डुलायची तिथे काचेच्या इमारती आल्या, आणि माझा मुलगा गळ्यात ओळखपत्र अडकवून त्यातल्याच एका इमारतीत जायला लागला. सगळं इतकं सहज मिळायला लागलं की माझी खात्रीच पटली, यात काहीतरी गोम आहे. अशा मनःस्थितीत आम्ही पांढरी गाडी घेतली. तिच्या इंजिनात कार्ब्युरेटर नव्हता; त्याच्या जागी संगणक होता, आणि त्याला बातम्या पुरवणारे सेन्सर होते. जे डोळ्यांना दिसत नाही ते चालवणार गाडी. मला ते मुळीच रुचलं नव्हतं.

गाडी दहा वर्षांची झाली आणि बंद पडायला लागली. तेही तऱ्हेवाईकपणे. थंड असताना एका चावीत सुरू होई. चांगली तापली की चालता चालता मुकाट्याने मान टाके. अर्धा तास उभी केली की पुन्हा काही घडलंच नाही अशी चालू. एकदा वारज्याच्या पुलावर भर रहदारीत ती अशी थांबली. मागून ट्रक येत होता, शेजारी बायको होती. ट्रकवाल्याने कसाबसा ब्रेक दाबला. त्यानंतर बायको त्या गाडीत बसेना. मुलाने गाडी एका चकचकीत सर्व्हिस सेंटरला नेली. तिथे संगणकाला संगणक जोडला. "बाबा, स्कॅनमध्ये एकही एरर कोड नाही. म्हणजे प्रॉब्लेमच नाही," असं मुलाने येऊन सांगितलं. तरीही तिथल्या मंडळींनी पेट्रोलचा पंप बदलावा, इंजिनाचा संगणकही बदलावा, असं सुचवलं होतंच. प्रॉब्लेम नसताना इतकं बदलायचं, तर असता तर काय केलं असतं, हा माझा प्रश्न तिथे कुणाला कळला नाही.

मग मी आमच्या मिस्त्रींकडे गेलो. खडकी स्टेशनच्या पलीकडे त्यांची पत्र्याची शेड होती. वडिलांच्या वेळेपासून त्यांचं घर तिथेच. माझी स्कूटर वीस वर्षं त्यांच्याच हाताखाली होती, नंतर गाडीही. शुक्रवारी दुपारी नमाजाला जाण्याआधी हात धुऊन, बाह्या खाली करून उभे राहिलेले मिस्त्री एखाद्या शाळामास्तरांसारखे दिसत. बोलणं मोजकं. मला कायम "साहेब" आणि "आपण". कारखान्यातल्या सहा सहकाऱ्यांच्या गाड्याही मीच त्यांच्याकडे नेऊन दिल्या होत्या. तरीसुद्धा गाडी त्यांच्याकडे टाकण्याआधी मी एक काम न चुकता करत असे. बायकोच्या लाल नेलपेंटची बाटली घेऊन बॉनेटखाली वाकायचं आणि बदलला जाण्याची शक्यता असलेल्या भागावर, सहज दिसणार नाही अशा जागी, एक बारीक ठिपका द्यायचा. काम झाल्यावर जुना पार्ट परत मागून घ्यायची पद्धत आपल्याकडे सगळ्यांचीच आहे. मी त्यावर ठिपका शोधत असे, एवढंच जास्तीचं. इतक्या वर्षांत एकदाही ठिपका चुकला नव्हता. एवढ्याने दुसऱ्या कुणाचं समाधान झालं असतं. माझं म्हणणं, तपासणी चालू आहे म्हणूनच चुकला नाही.

मिस्त्री माझ्या शेजारी बसले आणि आम्ही खडकवासल्याच्या रस्त्याला लागलो. धरणाच्या अलीकडे गाडी तापली आणि नेहमीसारखी गप्प झाली. मिस्त्रींनी घाई न करता बॉनेट उघडलं, हात आत घालून इंजिनाच्या अंगाला बसवलेली अंगठ्याएवढी काळी वस्तू मला दाखवली आणि बाटलीतलं गार पाणी तिच्यावर हळूहळू ओतलं. "मारा चावी." गाडी सुरू झाली. अर्धा तास थांबावं लागणारी गाडी दोन मिनिटांत. "इंजिन किती फिरतंय ते हा संगणकाला सांगतो. तापला की हा मुका होतो, आणि मुका झाला की तिकडे वाटतं इंजिनच थांबलं. मग पेट्रोल बंद," मिस्त्री म्हणाले. मला ते पटलं, आणि पटलं म्हणूनच खटकलं. सगळ्या सर्व्हिस सेंटरला जे दिसलं नाही ते यांना पाण्याच्या बाटलीत कसं दिसलं?

दुसऱ्या दिवशी सकाळी निघण्यापूर्वी मी त्या काळ्या सेन्सरच्या मागच्या अंगाला चाचपडत लाल ठिपका दिला. शेडमध्ये मिस्त्रींनी तो माझ्यासमोर काढला. ठिपका जागेवर होता, मी चोरून पाहून घेतलं. त्यांनी मीटरच्या दोन तारा त्याला लावल्या; आकडा आला. मग चहावाल्याकडून ग्लासभर उकळतं पाणी आणवून सेन्सरचं टोक त्यात बुडवलं. आकडा डगमगला आणि नाहीसा झाला. "आतली तार तापली की सुटते. आपला मीटर आणला असेल तर तो लावून बघा," ते म्हणाले. त्यांच्या मिशीत हसू होतं की काय, कोण जाणे. माझा मीटर खरोखरच पिशवीत होता, पण त्याची बॅटरी नेमकी संपलेली. मी ड्यूटीवर गेलो.

संध्याकाळी गाडी तयार होती. नवा सेन्सर बसला होता. मिस्त्रींनी जुना, वर्तमानपत्रात नीट गुंडाळून, माझ्या हातात दिला. मी तिथेच पुडी सोडली. गोडसर उग्र वास आला. दहा वर्षं तेलकट घाण खाल्लेला माझा सेन्सर, आणि हातातला हा तर लख्ख. उलटा केला, सुलटा केला. ठिपका नव्हता.

"हा माझाच का?" मी विचारलं.

मिस्त्रींनी फडकं उचललं. "आपलाच, साहेब," असं म्हणाले आणि हात पुसायला वळले.

त्यानंतर बरीच वर्षं मी त्या शेडमध्ये पाऊल टाकलं नाही. घरी आल्यावर बायको म्हणाली, "अहो, पण खराब झालेला सेन्सर ठेवून घेऊन त्यांना काय मिळणार?" मी म्हटलं, "खराब होता कशावरून? मीटर त्यांचा, पाणी त्यांचं." ती म्हणाली, "आणि गाडी बंद पडायची ती कुणाची?" यावर मी रागावलो. कारखान्यात मी कुणाला खोटं काही सांगितलं नाही. डबा खाताना एवढंच म्हणालो, "ठिपका दिला होता, परत आला तो बिनठिपक्याचा. काय समजायचं ते समजा." तपासणी खात्यातल्या माणसाने एवढं म्हटलं की पुरे असतं. महिन्या-दोन महिन्यांत सहाच्या सहा गाड्या दुसरीकडे गेल्या, आणि त्यांच्या ओळखीने येणाऱ्याही आटल्या. आमची गाडी मात्र त्यानंतर एकदाही बंद पडली नाही. बायको पुन्हा तिच्यात बसू लागली. याकडे मी पुरावा म्हणून पाहिलंच नाही.

आता नातीची बाटली. ती घेऊन मी माझ्या खणापाशी गेलो. तो सेन्सर मी जपून ठेवला होता, पुरावा म्हणून. भिंग लावून पाहिलं. बोल्टच्या भोकाभोवती एक बारीक खाच आहे. तिच्या तळाशी, सुईच्या टोकाएवढा, लाल रंग होता. कापूस बाटलीत बुडवून टेकवला, कापूस गुलाबी झाला. कारखान्यात कुठलाही रंग वापरण्याआधी तो कशाने जातो याची चाचणी आम्ही घ्यायचो. बायकोच्या नेलपेंटची चाचणी मी कधी घेतली नव्हती. मिस्त्रींनी तेलकट पार्ट साफ करायचा, याच वासाचा फवारा मारून सेन्सर स्वच्छ केला होता, कारण साहेबांचा शर्ट पांढरा असतो. मी खुर्चीत बसून राहिलो. मला माझी लाज वाटली, आणि ती सांगायला घरात कुणाला हाक मारावी हेही कळेना.

दुसऱ्या दिवशी खडकीला गेलो. शेड आहे. मिस्त्री आता थकले आहेत, डोळ्यांना कमी दिसतं, आवाजावरून ओळखलं त्यांनी मला. आता फक्त स्कूटर येतात, म्हणाले. मी खुर्चीवर बसलो आणि एका दमात सगळं सांगून टाकलं, नेलपेंट, ठिपका, फवारा. ते ऐकत होते. मग म्हणाले, "ठिपका मला ठाऊक होता साहेब. पहिल्या स्कूटरपासून. पार्ट काढला की आम्ही तो जपायचो, आपली काळजी मिटावी म्हणून. त्या दिवशी फवारा मारला आणि फडक्याला लाल लागलं, तेव्हा समजलं, गेला."

"मग तेव्हाच बोलला का नाहीत?"

"काय बोलणार? आपण चोरून ठिपका लावता ते मला माहीत आहे, असं? आपल्याला कसंतरी झालं असतं." मग ते म्हणाले, "लाल रंगाची डबी होती इथे. हातात घेतलीही होती. एक ठिपका दिला असता तर आपण खुशीत घरी गेला असता. पण ते खोटं झालं असतं. ठेवून दिली."

मी हात जोडले. त्यांनी ते धरून खाली केले आणि चहा मागवला. चहा पिताना, सांगायला लाज वाटते, माझ्या मनात येऊन गेलं, की ही डबीची गोष्ट त्यांनी आत्ता रचली नसेल कशावरून? इतका मुरलेला आहे हा संशय. या खेपेला मात्र मी त्याला बसायला जागा दिली नाही.

घरी येऊन वही काढली आणि त्या सहांपैकी जे आहेत त्यांना फोन लावायला बसलो. दोघे आता राहिलेले नाहीत. पहिला फोन लागला तो वारज्याला मुलाकडे राहणाऱ्याला. मी त्याला सगळं नीट समजावून सांगितलं. त्याला ठिपका आठवेना. सेन्सरही आठवेना. "कसला ठिपका?" त्याने दोनदा विचारलं. मग एकदम म्हणाला, "हां हां, खडकीचा तो मिस्त्री ना, पार्ट बदलणारा? त्याच्याकडे जाऊ नका हो. तुम्हीच तर सांगितलं होतंत."

मी पुन्हा पहिल्यापासून सांगितलं. तो हो हो म्हणाला, त्याचा नातू शाळेतून आला होता, त्याने फोन ठेवला. नखांचा रंग कापसाच्या एका पुसण्यात निघतो, हे मी नातीला नुकतंच करताना पाहिलं होतं; मिस्त्रींना मी लावलेला डाग तसा निघत नव्हता. वहीत अजून तीन नावं आहेत. उद्या सकाळी लावीन, आणि याला पुन्हा एकदा.